पत्राच्या घडीतले पीठ

पालम,
मंगळवार, दि. ११ नोव्हेंबर १९८६,
दुपारी दोन वाजून दहा मिनिटे.

ती. अक्कास,
शरणार्थ.

हे पत्र सुरू करताना मी बन्सीधर शेठजींच्या अडत दुकानात ज्वारीच्या पोत्यावर बसलो आहे. सकाळपासून एकतीस पोती काट्यावरून गेली. शेठजी जेवायला घरी गेले आहेत. मी अजून जेवलेलो नाही. त्याविषयीच लिहायचे आहे.

आपल्या घरच्या पत्रात पहिली ओळ ‘इकडील सर्व ठीक आहे’ अशी असते. आई शेवटच्या महिन्यापर्यंत तीच ओळ सांगायची आणि मी लिहायचो. म्हणून या पत्रात ती ओळ घातली नाही.

गेल्या गुरुवारी, सहा तारखेला, साडेअकराच्या सुमारास मी काट्यापाशी चक्कर येऊन पडलो. आश्रुबा म्हणून एक शेतकरी माल घेऊन आले होते, त्यांनी मला धरले. ते ओरडले, “अवं शेठ, तुमचा माणूस पोत्यावानी पडला की!” शेठजी म्हणाले, “पोतं पडलं तर उचलून थप्पीला लावता येतं. ह्याला कुठं लावू?” मग त्यांनीच गूळ-पाणी दिले. अर्ध्या तासाने मी पुन्हा उभा राहिलो.

कारण मला माहीत आहे. पहाटे साडेचारला मी हातपंपावर रांगेत असतो. चौदा घागरी होतात. नर्मदाला आठ वाजता अंगणवाडी उघडावी लागते, त्याआधी तिचा स्वयंपाक आणि तान्ह्या बसूचे अंग धुणे. मी लेकीला, गवराला, खांद्यावर घेऊन अंगणवाडीत सोडतो आणि तसाच दुकानात येतो. आंघोळ राहून जाते. आंघोळ नाही म्हणून लिंगपूजा नाही, आणि लिंगपूजा झाल्याशिवाय आपण अन्न तोंडात घालत नाही. दुकानातून सुटून घरी जाऊन हे सर्व होईपर्यंत तीन वाजतात. चहाला मी अन्न धरत नाही. गुरुवारी पडेपर्यंत सहा चहा झाले होते. मोजले आहेत.

मला भीती वेगळीच वाटते. त्या दिवशी आठ वाजता गवरा माझ्या खांद्यावर होती आणि आम्ही ओढ्याच्या दगडांवरून चाललो होतो. चक्कर साडेतीन तास आधी आली असती तर?

तुला तीन लेकरे, वर पिठाची गिरणी. तरी तू आजारी पडल्याचे मला आठवत नाही. तू हे कसे जमवतेस ते सविस्तर कळव. तुझ्या मागच्या पत्राच्या घडीतून नेहमीप्रमाणे पीठ सांडले. गवराने बोट लावून चाटले. ज्वारीचे होते.

तुझा,
नागप्पा


जिंतूर,
१९ नोव्हेंबर

चि. नागूस, महादेवीचा आशीर्वाद.

तुझं पत्र वाचलं आन कपाळाला हात लावला. सहा चहा मोजतोस आन एक भाकर मोजायला येईना व्हय रे तुला?

आता नीट ऐक. आपल्या गळ्यात लिंग कशापायी बांधलं? देव घरी फळीवर बसलेला असता तर तू म्हणला असतास, घरी गेल्याबिगर पूजा कशी करू. तुझा देव तर तुझ्यासंगं काट्यापाशी येतो, पोत्यावर बसतो, तुझ्यासंगं भुईवर पडला बी. अन तू त्याला भेटायला तीन वाजता घरी जातोस! शेठच्या आडावर दोन बादल्या अंगावर घे. भस्माची डबी खिशात ठेव. तळहातावर लिंग घे, पाच मिनटं डोळे मीट, अन डबा उघड. नऊच्या आत. मायची शपथ हाय तुला.

नर्मदाला इचार ती कवा जेवते. आपल्याला वाटतं बायका जेवल्या. त्या ताटं घासत्यात.

मला काय धाड भरली? दिवाळीपासून जरा ठसका हाय, अनारसे चकल्यांचं लय दळण झालं ना. बाकी इकडचं समदं ठीक. तुझे दाजी मजेत हायत, गिरणीच्या पट्ट्यापुढं त्यांना जग दिसत न्हाई. लाइट यायलीय, जाते.

महादेवी

ता. क. शुद्धलेखन तपासू नकोस.


पालम,
रविवार, दि. ३० नोव्हेंबर १९८६,
सकाळी दहा वाजून वीस मिनिटे. घराच्या ओट्यावर. बसू मांडीवर झोपला आहे, म्हणून अक्षर वाकडे येईल.

ती. अक्कास,
शरणार्थ.

पत्र मिळाले. शुद्धलेखन तपासले नाही. (चुका अकरा.)

तू लिहिलेस ते पटले, पण मनात शंका राहिली, म्हणून मठात जाऊन स्वामींना विचारले. उघड्या आडावर, लोक ये-जा करतात, तिथे पूजा चालेल का? स्वामी म्हणाले, “नागप्पा, अन्नाआधी पूजा सांगितली आहे. अन्नाऐवजी सांगितलेली नाही. तू चहाला सूट दिलीस ती कोणाला विचारून?”

सोमवार दि. २४ पासून सुरू केले. आठ वाजून चाळीस मिनिटांनी दुकानामागच्या आडावर आंघोळ, मग पूजा, मग दीड भाकरी आणि वरण. पहिल्या दिवशी शेठजी म्हणाले, “ही धर्मशाळा आहे का?” दुसऱ्या दिवशी म्हणाले, “आज हिशेबाच्या वहीत एक पण खाडाखोड नाही. जेव बाबा, रोज जेव.” सात दिवसांत चक्कर एकदाही नाही. चहा दोनवर आणला आहे. तिसऱ्याची तलफ अकरा वाजता येते, तेव्हा मी पाणी पितो.

नर्मदाला विचारले. ती आधी हसली. मग म्हणाली, “तुमी विचारलं म्हणून सांगते. उभ्यानं, चुलीपाशी, जे उरलं ते.” ती दिवसभर दुसऱ्यांच्या चाळीस मुलांना सुकडी वाटते आणि स्वतः काही खाऊन जात नाही. आता पहाटे हातपंपावरून आल्यावर मी बसूला घेतो आणि ती बसून जेवते. पहिल्या दिवशी तिला बसून जेवता येईना, दोनदा उठली. मी ताट धरून ठेवले.

अक्का, तुझ्या ठसक्याचे काय झाले? दिवाळी होऊन चार आठवडे झाले. अनारशांचा ठसका इतका टिकत नाही. जरा आराम कर आणि कळव.

तुझा,
नागप्पा


जिंतूर,
२० डिसेंबर

चि. नागूस आशीर्वाद.

पत्र पोचलं. तू जेवायलास हे वाचून बरं वाटलं. नर्मदाला शाबासकी सांग. इकडचं समदं ठीक. लय काम हाय म्हणून जास्त लिहीत न्हाई.

महादेवी


पालम,
बुधवार, दि. २४ डिसेंबर १९८६,
सायंकाळी सहा वाजता. दुकान आवरून, कंदिलाची काच पुसून लिहायला बसलो आहे.

ती. अक्कास,
शरणार्थ.

तुझे पत्र लहान आहे, पण मला त्याचा फार आनंद झाला. का, ते सांगतो. पत्र मी नेहमीप्रमाणे ताटावर उघडले, कारण गवरा पिठाची वाट पाहत बसते. ताटात काही पडले नाही. घडी झटकली, तरी नाही. गवरा रुसली. मी मात्र नर्मदाला म्हणालो, “बघ, अक्काने माझे ऐकले.” गेल्या आठ वर्षांतले हे पहिले पत्र आहे जे तू गिरणीत बसून लिहिलेले नाहीस. म्हणजे तू आता घरात निवांत बसून लिहितेस. दाजींनी गिरणीवर गडी ठेवला असेल. हे फार चांगले झाले. मी तर म्हणतो दोन महिने गिरणीकडे फिरकूच नकोस.

माझी तब्येत उत्तम आहे. कमरेचा करगोटा एक गाठ सैल करावा लागला.

आईला कोणी असे बसवले असते तर, असे नर्मदा म्हणाली. मला ते दिवस आठवले. मी आठवीत होतो. पोटात दुखायचे तेव्हा आई चुलीकडे तोंड करायची, आणि आपल्याला वाटायचे धुराने डोळ्यांत पाणी आले.

असो. तू आराम करतेस, एवढ्यावर मी खूश आहे.

तुझा,
नागप्पा


जिंतूर,
२ जानेवारी १९८७

नागू,

तुझं पत्र वाचून मी हसले. मग दार लावून रडले. घडीत पीठ न्हाई म्हणून अक्का आराम करायलीय, असं तुला वाटलं. इतका बारकाईनं बघणारा तू, अन चुकलास की रे.

पीठ न्हाई, कारण मला गिरणीत पाऊल टाकवंना. तीन आठवडे झाले. आत गेलं की छाती आवळून येते, खोकला थांबत न्हाई. रातच्याला आडवी झाले की दम लागतो, म्हणून भिंतीला उशी लावून बसून झोपते. दाजींना सांगितलं, थंडी बाधली. त्यांनी मानलं. दिवसभर पट्ट्याच्या आवाजात राहून त्यांना माझा खोकला बी ऐकू येत न्हाई. लेकरांना सांगितलं, आई उन्हाला बसलीय.

दवाखान्यात का गेले न्हाई म्हणशील. इथल्या दवाखान्यात समदे वळखीचे. बाहेर बाकड्यावर बसले की दुपारपर्यंत गावात बोभाटा, गिरणीवालीला टी.बी. झाला. सरजाबाईच्या सुनेला झाला तवा तिच्या हातचं दूध कुणी घेतलं न्हाई, ती बरी झाली तरी न्हाई. आमचं तर पिठाचं काम. लोक डबे उचलून दुसऱ्या गिरणीत नेतील. तीन लेकरं घेऊन मंग मी काय दळू?

अन खरंच टी.बी. असंल तर? धाकटी माझ्याच कुशीत झोपते. दहा दिवस झाले, तिला मोठीजवळ निजवायलेय. ती रडते. मी भिंतीकडं तोंड करते.

हे लिहिलं आन मला माय दिसली. ती चुलीकडं तोंड करायची, मी भिंतीकडं. तुला शहाणपण शिकवलं अन मी स्वतः तेच करायलेय.

कुणाला सांगू नकोस. तुला सांगितलं, एवढंच बरं वाटलं.

महादेवी


पालम,
मंगळवार, दि. ६ जानेवारी १९८७,
दुपारी बारा वाजता. पत्र अकरा पन्नासला मिळाले. पोस्टमन दारातच आहे, त्याला मी थांबवून ठेवले आहे.

ती. अक्कास,

कुणाला सांगणार नाही, पण ऐकणारही नाही.

सोमवार, दि. १२ रोजी सकाळी साडेनऊ वाजता मी परभणीच्या बसस्टँडवर चौकशीच्या खिडकीपाशी उभा असेन. तू जिंतूरहून पहिल्या गाडीने ये. खिडकीजवळची जागा धर, धूर पिणाऱ्या माणसाजवळ बसू नकोस. परभणीच्या सरकारी दवाखान्यात आपल्याला कोणी ओळखत नाही. ज्वारीच्या भावाची चौकशी करायला भावाने बोलावले, असे कोणी विचारले तर सांग. दाजींना मात्र खरे सांग. त्यांना ऐकू येत नसेल तर लाइट गेल्यावर सांग.

नर्मदाच्या अंगणवाडीत नर्सबाई येतात, त्यांना मी नाव न घेता विचारले. तीन आठवड्यांच्या वर खोकला असला की थुंकी तपासायचीच, असे त्या म्हणाल्या. टी.बी. निघाला तरी औषध आहे आणि माणूस पूर्ण बरा होतो. नाही निघाला तर भिंतीला टेकून भीत बसणे तरी संपेल. न तपासता मात्र दोन्हीकडून तोटा आहे. मी हे तीनदा पडताळून पाहिले.

तू आली नाहीस तर मी साडेअकराच्या गाडीने जिंतूरला येईन आणि तुझ्या गिरणीसमोर उभा राहीन, आणि मला खोटे बोलता येत नाही हे तुला माहीत आहे.

पोस्टमन घाई करायला लागला आहे.

नागप्पा


जिंतूर,
२८ जानेवारी

चि. नागूस लय लय आशीर्वाद.

आधी मुद्द्याचं सांगते, न्हाईतर तू मधलं न वाचता खालचं वाचशील. टी.बी. न्हाई.

तू त्या दिवशी थुंकी अन फोटो द्यायला लावून मला स्टँडवर सोडलंस, त्यानंतर तेवीसच्या रिपोटापर्यंत अकरा दिवस मी कसे काढले माझं मला ठावं. लाइट गेली तवा दाजींना समदं सांगितलं. त्यांनी उठून गिरणीतला पट्टा काढून ठेवला, अन म्हणाले, “तेवीसला मी संगं येणार. गिरणी गेली उडत.” बारा वर्षांच्या संसारात त्यांनी पट्टा सणावाराला बी काढला न्हवता.

तेवीसला निघालो तर झरीच्या अलीकडं गाडी थांबली. नामांतराच्या मागणीसाठी रस्ता अडवून बसले होते, निळे झेंडे, बाया, पोरं, समदे. मला वाटलं झालं, आज रिपोट मिळत न्हाई. धुरळ्यानं खोकला लागला, खाली उतरून उभी राहिले. तर त्यांच्यातला एक जण उठून आला. सूर्यभान, आमच्याच गिरणीच्या मागच्या वस्तीतला.

“मावशी, दवाखान्यात निघालाव का?”

म्हणलं, “तुला काय ठावं?”

“खोकल्यावरून वळखलं. दोन महिने आमच्या आळीला झोप न्हाई तुमच्या खोकल्यानं!”

म्हणलं, “मंग लोक काय म्हणतेत?”

“काय म्हणतेत? ही बाई दवाखान्यात कवा जाती, हेच म्हणतेत. माझी माय म्हणली, दळण तिथंच टाकायचं, पण तिला दामटून धाडायचं.”

नागू, ज्यांच्यापायी लपवलं त्यांना पहिल्या दिवसापासून ठावं होतं. अन एक डबा बी हालला न्हाई. त्यानं आमाला बाळंतिणीच्या जीपमधी बसवून दिलं. दवाखान्याची माणसं ते सोडायलेच होते.

डॉक्टरनं छातीचा फोटो उजेडाला धरून दाखवला. तिन्ही वेळची थुंकी चांगली निघाली. म्हणला, ही पिठाची धूळ हाय. आठ वर्षं छातीत दळण साठवलं तुमी. गोळ्या दिल्या. दळताना आत बसायचं न्हाई, तोंडाला कापड बांधायचं, दम लागला तर घरी बसून राहायचं न्हाई, तडक यायचं. समदं एका दिवसात जाणार न्हाई म्हणला.

दाजींनी मागच्या भिंतीला दोन खिडक्या पाडल्या. मी आता बाहेर ओट्यावर बसून वजन करते. आत दाजी, तेबी फडकं बांधून. तू परभणीत सुचवलेली पाटी बी लावली, एक ते दोन गिरणी बंद. पहिल्याच दिवशी दगडाबाई डबा घेऊन भांडली, “आमाला पीठ न्हाई अन तुमी मातर भाकर खा!” म्हणलं, ये की, तूबी बस. बसली. जेवली. म्हणली, लगीन झाल्यापासून दुपारची भाकर बसून पहिल्यांदाच खाल्ली. आता रोज एक वाजताच येते मेली.

काल धाकटी माझ्या कुशीत झोपली. मी आडवी झोपले.

महादेवी


पालम,
रविवार, दि. ८ फेब्रुवारी १९८७,
सकाळी नऊ वाजून पाच मिनिटे. आंघोळ, पूजा आणि जेवण होऊन लिहायला बसलो आहे.

ती. अक्कास,
शरणार्थ.

तू वर मुद्द्याचे लिहिलेस तरी मी खालचे आधी वाचले. ‘आडवी झोपले’ हे वाचून मला वाटले, पुन्हा आजारी पडलीस. मग वरून वाचले. मग नर्मदाला मोठ्याने वाचून दाखवले. ती दगडाबाईच्या गोष्टीला इतकी हसली की बसू जागा झाला.

तू माझाही केसपेपर काढायला लावलास त्याचा राग आता गेला. रक्त कमी निघाले होते, त्या गोळ्या मी न चुकता घेतो. नर्मदाला काल नर्सबाईंकडे नेले. तिचेही कमीच आहे. तिलाही गोळ्या सुरू झाल्या.

आता एक ठरवू. महिन्याच्या एक तारखेला दोघांनी एकेक कार्ड टाकायचे. ‘सर्व ठीक’ लिहायचे नाही. काय दुखते, किती दिवस, आणि जेवण किती वाजता झाले, एवढेच. कार्ड पोस्टमन वाचतो म्हणशील. वाचू दे. त्यालाही खोकला आहे, त्याला मी तपासायला सांगितले आहे.

गवरासाठी पुढच्या पत्रात चिमूटभर पीठ घाल. पण ते दाजींना घालायला सांग.

तू परभणीत हिशेब मागितला होतास, तो देतो. रुपये-पैसे.

माझे पालम ते परभणी, जाणे-येणे : १७.००
तुझे जिंतूर ते परभणी, दि. १२ : ११.००
तुझे व दाजींचे, दि. २३ : २२.००
केसपेपर दोन : २.००
औषधे : ९.५०
केळी, स्टँडवर : २.००
तोंडाला बांधायचे मलमल : ६.५०
कार्डे एक डझन, दोघांत : १.८०
एकूण खर्च : एकाहत्तर रुपये ऐंशी पैसे.

आईचे, सन १९७४, परभणीला एकदा जाणे-येणे व केसपेपर : सहा रुपये पंचवीस पैसे. ‘पैसे कशाला घालवता’ म्हणाली. खर्च झाले नाहीत.

देणे बाकी : एक मार्चचे कार्ड. तुझ्याकडून एक, माझ्याकडून एक.

तुझा,
नागप्पा